कल्पित जगातली धोक्याची डोंगररांग कशी रचावी : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी, अथणी या पट्ट्यात मराठीत अद्भुत कथा लिहिणारे, मुलांसाठी फाशांवरचे गोष्टीचे खेळ रचणारे आणि कल्पित जगांचे नकाशे काढणारे यांच्यासाठी हे पान आहे. समजावून सांगायला सोपे जावे म्हणून सगळीकडे 'झाकोळ' ही एकच कल्पित रांग घेतली आहे. बाकी जी गावे, नद्या, पाऊस आणि प्राणी येतील ते खरे आहेत.

रांग मनानेच रचायची, तर खऱ्या भूगोलाची एवढी काळजी कशाला?

धोका खरा वाटायला त्यामागे कारण लागते. 'त्या डोंगरात गेलेला परत येत नाही' हे वाक्य पहिल्या पानावर चालते. तो परत का येत नाही हे लेखकालाच माहीत नसेल, तर चाळीसाव्या पानावर वाचकाला ते कळल्याशिवाय राहत नाही. पात्रांना कारण कळू नये, गावकऱ्यांना अर्धे कळावे, लेखकाला मात्र पुरते ठाऊक असावे. गूढ त्यातूनच तयार होते. लेखकालाच पत्ता नसलेले गूढ म्हणजे निव्वळ गोंधळ.

आपल्या भागातल्या लेखकांचे एक भाग्य असे, की अशी रांग पश्चिमेला दिसते तिथेच उभी आहे. जांबोटी ओलांडून कणकुंबीकडे निघाले की तासाभरात डोंगराचे बहुतेक नियम डोळ्यांसमोर येतात. बाहेरच्या जगातले बर्फाळ सुळके उसने आणण्याआधी हे नियम वापरून पाहावेत, असे आमचे ठाम मत आहे.

सुरुवात नकाशापासून करावी की गोष्टीपासून?

रांगेच्या आडव्या छेदापासून. ए-३ कागद आडवा धरा आणि डावीकडून उजवीकडे डोंगराची बाजू काढा. कुठून किती चढ, माथा किती रुंद, पलीकडे उतार कसा, हे आधी ठरवा. वरून दिसणारा नकाशा त्यानंतर. पहिल्यांदा रचणारे बहुतेक जण उलटे करतात. नकाशावर त्रिकोणांची ओळ काढतात आणि दोन्ही बाजूंना सारखाच उतार धरतात. असा डोंगर कुठूनही कुठेही चढता येतो, त्यामुळे खिंडीला किंमत राहत नाही. खिंडीला किंमत नसेल तर पहारा, जकात, दरोडा, पाठलाग यांपैकी काहीच घडवता येत नाही.

सह्याद्री हा खरे तर पठाराचा तुटलेला काठ आहे. कोकणातून पाहिले तर भिंत, बेळगावकडून पाहिले तर हळूहळू चढत जाणारा माळ आणि एकाएकी संपणारी जमीन. झाकोळही तशीच घेऊ.

लांबी उत्तर-दक्षिण १८० किलोमीटर, रुंदी सुमारे ४०. पश्चिमेचा पायथा समुद्रसपाटीपासून १०० मीटरवर, पूर्वेचे पठार ७५० मीटरवर (बेळगाव शहराची उंचीही जवळपास एवढीच आहे), धारेची (माथ्याच्या सलग कडेची) सरासरी उंची १,३०० आणि सर्वांत उंच सुळका २,४०० मीटर. पश्चिमेला ८ किलोमीटरांत १,२०० मीटर चढ, पूर्वेला ३० किलोमीटरांत ५५० मीटर उतार. नकाशाला १ सेंटिमीटरला ५ किलोमीटर हे प्रमाण घ्या. १८० किलोमीटर म्हणजे ३६ सेंटिमीटर, ए-३ वर नीट बसते.

रांग किती उंच असावी? शिखरावर बर्फ दाखवता येईल का?

हवा दर १,००० मीटरला सरासरी ६.५ अंशांनी थंड होते. पायथ्याला ३२ अंश असतील तर झाकोळच्या धारेवर २४ आणि सुळक्यावर १७. शून्यावर यायला सुमारे पाच किलोमीटर उंची लागते. आपल्यासारख्या उष्ण मुलखात बाराही महिने बर्फ हवा असेल तर शिखर ५,००० मीटरांच्या वर न्यावे लागेल, आणि मग विरळ हवेचा हिशेबही आला. २,५०० मीटरांच्या वर घाईने चढणाऱ्याला डोकेदुखी, मळमळ, झोप न लागणे सुरू होऊ शकते. ५,५०० मीटरांवर हवेचा दाब निम्मा होतो, तिथे तलवारबाजीचा प्रसंग लिहू नका. ३,००० मीटरांवर पाणी ९० अंशांच्या आसपासच उकळते, म्हणजे भात शिजायला वेळ लागतो आणि डाळ तर दाणेदारच राहते.

उंची वाढवली म्हणजे धोका वाढला, असे मुळीच नाही. महाराष्ट्रातले सर्वांत उंच शिखर कळसूबाई १,६४६ मीटर आहे आणि सह्याद्रीत माणसे दर वर्षी अडकतात ती याहून कमी उंचीवर. १७ अंशांत, भिजल्या अंगाने, वाऱ्यात रात्र काढावी लागली तर बर्फ नसतानाही माणूस गारठून मरू शकतो. आधी थरथर, मग जीभ जड, मग बोलण्यात विसंगती, आणि शेवटी थरथर थांबते. ती थांबली की सोबत्यांना वाटते माणूस सावरला. प्रत्यक्षात तो हाताबाहेर गेलेला असतो. प्रसंग लिहिताना हा क्रम बदलू नये.

पाऊस कुठे आणि किती पाडावा?

वारा ज्या बाजूने येतो तिथे भरपूर, पलीकडे झपाट्याने कमी. आंबोलीला वर्षाला ७,००० मिलिमीटरच्या घरात पाऊस पडतो, बेळगाव शहरात साधारण १,२०० ते १,३०० आणि अथणीकडे जेमतेम ५०० ते ६००. आंबोली ते अथणी हे सरळ अंतर दीडशे किलोमीटरही नाही. एकाच जिल्ह्यात खानापूरचा भात आणि अथणीची ज्वारी पिकते ती यामुळे.

झाकोळला हेच आकडे लावले की दोन संस्कृती आपोआप उभ्या राहतात. पश्चिमेला उतरत्या छपरांची घरे, इरली, तांदूळ, मासळी. पूर्वेला धाब्याची घरे, घोंगडी, ज्वारी, मेंढ्या. मीठ पश्चिमेकडून वर येईल, धान्य आणि कातडी पूर्वेकडून खाली जातील. व्यापार कशाचा, हा प्रश्न पावसानेच सोडवला. जुन्या काळी रामघाटातून बेळगाव आणि वेंगुर्ल्याची ये-जा चाले, ती अशाच गरजांवर.

नद्या काढताना कोणत्या चुका होतात?

तीन चुका वारंवार दिसतात. नदी खाली जाताना फाटे फुटून दोन दिशांना गेलेली दाखवतात, पण समुद्रालगतचा त्रिभुज प्रदेश सोडला तर नद्या एकत्र येतात, फुटत नाहीत. तळ्याला दोन-तीन बाजूंनी वाटा काढतात, पण तळे भरले की पाणी सर्वांत खालच्या कडेने बाहेर पडते आणि तीच वाट खोल होत जाते. तिसरी चूक मोठी, नदी रांग कापून पलीकडे नेतात आणि तिने डोंगर कसा ओलांडला याचे उत्तर देत नाहीत.

खानापूर तालुका या बाबतीत उत्तम शाळा आहे. मलप्रभा कणकुंबीला उगम पावते आणि पूर्वेला वाहत कूडलसंगमला कृष्णेला मिळते, म्हणजे तिचे पाणी बंगालच्या उपसागराला जाते. म्हादई त्याच तालुक्यात भीमगडच्या जंगलात उगम पावते, पश्चिमेला उतरते आणि मांडवी होऊन पणजीजवळ अरबी समुद्राला मिळते. शेजारशेजारच्या रानांत पडलेल्या दोन सरी दोन समुद्रांना जातात. म्हादईच्या पाण्यावरून गोवा, कर्नाटक आणि महाराष्ट्र ही तीन राज्ये भांडली, २०१० साली लवाद नेमला गेला आणि २०१८ साली त्याचा निवाडा आला. तुमच्या कल्पित राज्यांना युद्धाचे कारण हवे असेल तर सोन्याच्या खाणीपेक्षा पाणलोटाची धार घ्या.

आणखी एक गोष्ट वापरण्याजोगी आहे. तीव्र उताराच्या बाजूचे ओढे डोंगर मागेमागे कोरत नेतात आणि हजारो वर्षांनी पलीकडच्या नदीचे डोकेच आपल्याकडे ओढून घेतात. झाकोळच्या पूर्वेला एक रुंद पण कोरडे पात्र ठेवा. त्याच्या काठी जुने घाट आणि पडकी देवळे. नदी कोणी चोरली, याची दंतकथा पूर्वेकडचे लोक सांगतील आणि उत्तर पश्चिमेच्या दरीत सापडेल.

रांग ओलांडायला किती वेळ लागतो?

जुना ठोकताळा असा आहे : सपाटीवर तासाला ५ किलोमीटर, आणि दर ६०० मीटर चढाला एक तास जादा. झाकोळच्या पायथ्यापासून खिंडीपर्यंत नागमोडी वाट १४ किलोमीटर आणि चढ १,२०० मीटर. चालण्याचे पावणेतीन तास, चढाचे दोन, मिळून पावणेपाच. हे मोकळ्या हाताने, कोरड्या वाटेवर. पाठीवर २० किलो ओझे, पावसाने निसरडी झालेली वाट आणि टोळीत एक म्हातारा माणूस असेल तर दुप्पट धरा, म्हणजे साडेनऊ तास. सकाळी निघायला उशीर झाला की टोळीला रात्र डोंगरात काढावी लागते, आणि गोष्ट तिथेच सुरू होते. आपल्या अक्षांशावर जूनमध्ये दिवस सुमारे १३ तासांचा असतो, डिसेंबरात ११ तासांचा. हे दोन तास विसरू नका.

उतरायला कमी वेळ लागतो असे लिहिण्याची सवय आहे. तीव्र उतारावर, ओल्या खडकावर, गुडघे थकलेले असताना उतरणे चढण्याइतकेच हळू होते, आणि घसरून पडण्याचे प्रसंग उतरताना जास्त.

शिधा आणि पाणी किती लागते?

माणशी दिवसाला कोरडा शिधा ६०० ग्रॅम : पीठ किंवा तांदूळ, गूळ, शेंगदाणे, चटणी. पाणी चढावर ४ लिटर तरी. पाच माणसे, चार दिवस : शिधा १२ किलो, पाणी ८० लिटर. पाच जण मिळून १०० किलो उचलतात असे धरले तर भांडी, घोंगड्या, दोर, कोयते यांना आठच किलो उरले. म्हणजे पाणी वाहून नेत ही रांग ओलांडताच येत नाही. ज्याला झरे ठाऊक, रांग त्याची.

खेचर ७०-८० किलो उचलते, पण स्वतःही पाणी पिते. ओझ्याचा बैल दिवसाला ३०-४० लिटर पितो. निर्जळी माथ्यावर जनावर नेणे म्हणजे तहान दुप्पट करणे.

झरे कुठे दाखवायचे यालाही नियम आहे. वर जांभ्या दगडाचा सडा (डोंगरमाथ्यावरचा सपाट उघडा खडक) असेल तर तो पावसाचे पाणी चाळणीसारखे आत घेतो, खाली चिकणमातीचा थर लागला की पाणी अडते आणि डोंगराच्या कुशीतून बाहेर पडते. त्यामुळे एका डोंगराचे झरे साधारण एकाच उंचीवर ओळीने असतात आणि वाड्याही त्याच ओळीवर. सड्यावर मात्र ऑगस्टात घोटाभर पाणी आणि तेरडा, सोनकीची फुले, मार्चमध्ये चटका देणारा दगड. एकाच जागी सहा महिन्यांच्या अंतराने पुरात आणि तहानेने मरता येते. हे वैशिष्ट्य कथेत फारच कमी वापरले जाते.

धोके किती आणि कोणते ठेवावेत?

उंचीच्या प्रत्येक पट्ट्याला एक मुख्य धोका. सगळीकडे सगळे टाकले की वाचक बधिर होतो.

पायथ्याच्या रानात, १०० ते ५०० मीटर : जळवा, गोचिडी, अस्वल, गवा. जळू रक्त पिते पण जीव घेत नाही, ती वैताग म्हणून ठेवा. अस्वल वाघापेक्षा भयंकर, कारण ते दचकले की पळण्याऐवजी अंगावर येते आणि तोंडावर घाव घालते. गोचिडीचा धोका सर्वांत चिवट. १९५७ साली शिवमोग्गा जिल्ह्यातल्या क्यासनूर जंगलात माकडतापाची पहिली ओळख पटली. आधी रानातली माकडे मरतात, आणि गोचीड चावल्यावर तीन ते आठ दिवसांनी माणसाला एकाएकी ताप भरतो. कथेत वाटाड्याने मेलेले माकड पाहून वाट बदलावी. कारण सांगू नये.

कड्याच्या उतारावर, ५०० ते १,२०० : दरड आणि लोंढा. दरडीच्या खुणा आधी दिसतात. जमिनीला चंद्रकोरीसारख्या भेगा, एकाच बाजूला कललेली झाडे, नितळ झरा एकदम गढूळ होणे किंवा नवीन जागी पाणी फुटणे. ओढ्याचा लोंढा तर डोक्यावर ऊन असतानाही येतो, कारण पाऊस वर माथ्यावर पडलेला असतो. पाण्याचा रंग बदलतो, काटक्या-पाचोळा वाहत येतो, मग घरघर ऐकू येते. घरघर ऐकल्यावर सामान उचलायला वेळ नसतो.

माथ्यावर : धुके, वीज, तहान. वीज चमकल्यापासून गडगडाटापर्यंतचे सेकंद मोजून तिनाने भागा, किलोमीटरात अंतर मिळते. दहाच्या आत मोजणी आली तर टोळीने उघड्या सड्यावरून केव्हाच खाली उतरलेले असायला हवे. एकट्या झाडाखाली आसरा घेणारे पात्र मारायचे असेल तरच त्याला तिथे उभे करा.

सुळक्यावर : गारठा, आणि तुमच्या जगाचा जो काही अद्भुत धोका असेल तो. तो इथेच ठेवा. खालचे तीन पट्टे नैसर्गिक कारणांनी पार केलेल्या वाचकाचा विश्वास बसलेला असतो, म्हणून चौथा पट्टाही तो मानतो.

धुके केव्हा आणि कुठून सुरू होते?

यालाही गणित आहे. हवेचे तापमान आणि दवबिंदू (ज्या तापमानाला हवेतल्या वाफेचे पाणी होऊ लागते तो अंश) यांतल्या फरकाला १२५ ने गुणले की ढगाचा तळ किती मीटर उंचीवर असेल ते मिळते. पायथ्याला २९ अंश आणि दवबिंदू २५, फरक ४, म्हणजे पायथ्यापासून ५०० मीटर चढल्यावर टोळी ढगात शिरणार. जूनपासून सप्टेंबरपर्यंत ही रेघ झाकोळच्या कड्यावर जवळजवळ पक्की धरा. तिच्याखाली वाटा, वर फक्त आवाज.

दाट धुक्यात दहा-पंधरा मीटरांपलीकडे दिसत नाही. सूर्य किंवा ठरलेली खूण नसेल तर माणूस सरळ चालतोय असे समजून गोल फिरतो, हे प्रयोगांतून दिसलेले आहे. त्यामुळे टोळीला स्वतःच्याच पावलांचे ठसे पुन्हा भेटणे हा चकवा अद्भुत न मानताही लिहिता येतो. आणि आपल्या सड्यांचा मुख्य धोका इथेच आहे. ते शेवटच्या पावलापर्यंत सपाट असतात. उतार वाढतोय, आता कडा जवळ आला, अशी कोणतीही सूचना मिळत नाही. फक्त खालून वारा तोंडावर येतो. वाटाड्याने गालाला लागणाऱ्या वाऱ्यावरून कडा ओळखावा, हे बारकाव्याचे लेखन झाले.

गूढ कसे निर्माण करावे? नुसते धुके आणि घुबड पुरत नाही.

प्रत्येक विलक्षण गोष्टीला तीन थर द्या : काय दिसते, लोक काय म्हणतात, खरे काय. वहीत तीन रकाने आखून आधी भरून ठेवा. दहा विलक्षण गोष्टींपैकी आठ निसर्गाच्या आणि दोनच अद्भुत असाव्यात. कोणत्या दोन, हे वाचकाने ओळखत राहावे. निसर्गाच्या आठ कुठून आणायच्या? आपल्या घाटांतच पुरून उरतील एवढ्या आहेत.

उजेड देणारे रान : भीमाशंकरच्या जंगलात पावसाळ्याच्या रात्री कुजलेल्या फांद्यांवरची बुरशी हिरवट प्रकाश देते. तो उजेड इतका मंद असतो की मशाल हातात असेल तर दिसतच नाही. म्हणजे ते रान फक्त मशाल विझलेल्यांनाच भेटते.

इंद्रवज्र : पाठीशी कोवळे ऊन, पुढे दरीत धुके असेल तर कड्यावर उभ्या माणसाला पूर्ण वर्तुळाकार इंद्रधनुष्य आणि मधोमध आपली सावली दिसते. हरिश्चंद्रगडाचा कोकणकडा त्यासाठी प्रसिद्ध आहे. शेजारी उभ्या माणसाला त्याच्या स्वतःच्याच सावलीभोवती वलय दिसते. 'देवाने मला निवडले' असे दोघांनाही वाटू शकते आणि टोळी तिथेच फुटते.

उलटा धबधबा : आंबोलीच्या कावळेसादला पावसाळ्यात कड्यावरून पडणारे पाणी वाऱ्याने परत वर उडते.

भरकटणारी सुई : विजेचा लोळ पडलेल्या काळ्या खडकात चुंबकत्व येते आणि होकायंत्र खडकाला टेकवले की चुकीची दिशा दाखवते. दहा-पंधरा पावले बाजूला गेले की सुई पुन्हा ठीक. हे ज्याला कळले तो टोळीचा पुढारी होतो.

गुहेचा शाप : भीमगडच्या जंगलातल्या बारापेडे गुहा दुर्मीळ रॉटन वटवाघळांसाठी प्रसिद्ध आहेत. सर्वसाधारणपणे वटवाघळांच्या गुहेत विष्ठेवर एक बुरशी वाढू शकते. तिचे बीजाणू श्वासातून गेले तर आठ-पंधरा दिवसांनी ताप, खोकला, छातीत दुखणे सुरू होते. इतक्या दिवसांनी गुहेचा आणि तापाचा संबंध कोण लावणार? शापाची कथा स्वतःच तयार होते. खोल विवरात हवेपेक्षा दीडपट जड वायू साचून दिवा विझतो आणि वाकलेला माणूस उठत नाही, तेही असेच. तो वायू खाली बसतो, म्हणून ठेंगणे पात्र किंवा कुत्रे आधी पडेल.

सात वर्षांचे फूल : कारवी सात वर्षांनी एकदा सगळी एकदम फुलते, बी धरते आणि मरते. सबंध कडा जांभळा, पोळी मधाने जड, आणि पुढच्या वर्षी उभे वाळलेले रान. एका ठिणगीचे काम. बांबूचा फुलोरा तर त्याहून भयंकर. मिझोराममध्ये तो सुमारे ४८ वर्षांनी येतो, बी खाऊन उंदीर बेसुमार वाढतात आणि मग शेते फस्त करतात. १९५९ च्या सुमारास आणि पुन्हा २००७ च्या सुमारास हे घडले. भविष्यवाणी लिहायची असेल तर अशा चक्रावर बांधा. 'आजीच्या लहानपणी फुलले होते ते पुन्हा फुलेल तेव्हा' ही ओळ ग्रहांच्या युतीपेक्षा वजनदार वाटते.

रांगेतला महाकाय प्राणी काय खातो?

हा प्रश्न आधी विचारलात तर प्राणी जिवंत होतो. एका वाघाला वर्षाला साधारण ५० मोठी सावजे लागतात आणि त्यासाठी रानात ५०० च्या आसपास जनावरे असावी लागतात. वाघाच्या दहापट वजनाच्या उष्ण रक्ताच्या प्राण्याची भूक दहापट नसते, साडेपाचपट असते. तरी वर्षाला पावणेतीनशे सावजे आणि पाठीशी २,७०० च्या वर जनावरे हवीत. झाकोळचे क्षेत्र ७,२०० चौरस किलोमीटर. निम्मे रान आणि चौरस किलोमीटरला २० जनावरे धरली तर ७२,०००. इतर शिकाऱ्यांचा वाटा सोडून दहा-बाराहून अधिक महाकाय प्राणी या रांगेत मावत नाहीत.

सरपटणारा केलात तर भूक साधारण दहाव्या हिश्शावर येते, पण मग तो गारठ्यात सुस्त पडतो. पावसाळ्यात गुहेत, मार्चच्या दुपारी सड्यावर ऊन खात. त्याला टाळायची वेळ आणि मारायची वेळ दोन्ही यातून ठरतात.

डोंगरात माणसे राहत असावीत का?

हो. माणसांशिवाय रांग ओसाड नव्हे, निर्जीव वाटते. खानापूरच्या जंगलात गवळी-धनगरांचे वाडे आहेत, तसे झाकोळच्या झऱ्यांच्या ओळीवर दहा-बारा घरांचे वाडे ठेवा, एकमेकांपासून अर्ध्या दिवसाच्या चालीवर. त्यांना भोळे किंवा रानटी दाखवू नका. टोळीतल्या कोणाहीपेक्षा त्यांना डोंगर जास्त कळतो. फक्त ते ज्ञान नियमांच्या रूपात असते : देवराईत चपला घालायच्या नाहीत, कुऱ्हाड न्यायची नाही, पडलेले लाकूडही उचलायचे नाही. देवराई तुटली की तिच्या खालचा झरा आटतो. नियम मोडल्यावर देवाचा कोप होतो तो फाल्गुनात, हंडा कोरडा निघतो तेव्हा. शिक्षा उशिरा आली की ती जास्त बोचते.

नावे कशी द्यावीत?

शिखरांना नावे लेखक देतात, माणसे मात्र वाटांना, पाण्याला आणि अपघातांना देतात. मिठाची नाळ, गवखिंड, म्हातारीचा टाका, सोनारकोंड. नाळ, घळ, खिंड, सोंड, धार, सडा, कोंड, डोह हे शब्द नेमक्या आकारांचे आहेत, ते अदलाबदल करून वापरू नका. आपल्या सीमेवर एकाच टेकडीला मराठी वाडीचे एक नाव आणि कानडी गावाचे 'गुड्ड' (टेकडी) लावलेले दुसरे, असे सर्रास आढळते. झाकोळलाही पश्चिमेचे एक आणि पूर्वेचे एक नाव ठेवा. दोन नकाशे जुळत नाहीत म्हणून टोळी चुकते, हा प्रसंग फुकट मिळतो.

पात्रांनी पुस्तकी मराठी बोलावे का?

नको. वाटाड्याला अण्णा, म्हातारीला अव्वा किंवा आज्जी, वयाने मोठ्या बाईला आक्का म्हणू द्या.

फाशांच्या खेळात ही रांग कशी वापरायची?

दिवस प्रहरांत मोजा. एक प्रहर तीन तासांचा. उजेडाच्या चार प्रहरांना प्रत्येकी एकदा दोन फासे टाका. बेरीज ६ ते ८ आली तर काही घडत नाही (३६ पैकी १६ वेळा). ४-५ आली तर त्या पट्ट्याची अडचण : वाट चुकणे, जनावर अडणे, शिधा भिजणे (७ वेळा). ९-१० आली तर लाभ : झरा, आसरा, ताजी खूण (७ वेळा). २-३ आली तर पट्ट्याचा मुख्य धोका, ११-१२ आली तर एखादे गूढ (प्रत्येकी ३ वेळा). चार फेऱ्यांत मुख्य धोका येण्याची शक्यता २९ टक्क्यांच्या आसपास पडते, म्हणजे तीन-चार दिवसांच्या वाटेत एकदा तरी सहसा येतोच. रात्रीच्या प्रहरांनाही फासे टाकले तर ती रोज ५० टक्क्यांवर जाते आणि टोळी दुसऱ्याच दिवशी संपते. मुलांच्या खेळात ही चूक फार होते, मग 'खेळ अवघड आहे' म्हणून मुले सोडून देतात.

खरा डोंगर पाहून टिपणे काढायची असतील तर?

जांबोटी-कणकुंबी-चोर्ला रस्ता सर्वांत सोयीचा. रस्त्यावरूनच छेद, पाणलोट आणि रान तिन्ही दिसतात. भीमगड अभयारण्यात शिरायला वनखात्याची परवानगी लागते, ती न काढता आडवाटेने जाऊ नये. गुहांत तर मुळीच जाऊ नये, वटवाघळांसाठीही आणि स्वतःसाठीही. दिवा विझतो का पाहून हवा तपासणे कथेतच ठेवा. पावसाळ्यात कड्याच्या टोकाला उभे राहू नका, ओढ्याच्या पात्रात बसून डबा खाऊ नका. हिवाळ्यापासून मेपर्यंत रानात जाताना बाह्या आणि विजार पूर्ण असू द्या, परतल्यावर काखा, गुडघ्यामागची जागा, कानामागे गोचिडी तपासा आणि ताप आला तर रानात गेल्याचे डॉक्टरांना आवर्जून सांगा.

टिपण वेळेसकट करा. धुके किती वाजता आणि कोणत्या वळणावर लागले, वारा कुठल्या गालाला, पाणी कोणत्या थरातून झिरपत होते, शंभर पावलांना किती श्वास लागले. एकच जागा मेमध्ये, जुलैत आणि नोव्हेंबरात पाहा. गावात कोणी भेटले तर डोंगराची दंतकथा विचारण्याआधी पाणी कुठे मिळते ते विचारा, दंतकथा त्यामागून येते.